नोरीनबाईंची न आलेली कॉफी

ॲथलोन,
रविवार, १४ सप्टेंबर २०२५

प्रिय सरूताई,

साष्टांग घालण्याइतके गुडघे आता उरलेले नाहीत, तेव्हा उभ्या उभ्याच नमस्कार घे. इकडे आम्ही सगळे ग्रँड आहोत. ग्रँड म्हणजे भव्य नव्हे. तक्रारीला भरपूर जागा आहे पण ऐकायला कुणी नाही, अशा अवस्थेला इथे ग्रँड म्हणतात. राजीव कॉर्कला, ईशानी डब्लिनला कॉलेजात, मी ॲथलोनला. तू माझ्या ऑफिसातल्या गुंजनबरोबर पाठवलेला गोडा मसाला पोचला. डबा बॅगेत उघडला होता. गुंजनच्या सगळ्या कपड्यांना आमटीचा वास येतो आणि ती माझ्याशी फक्त ईमेलने बोलते.

तुझा मेसेज गेल्या आठवड्यातच वाचला. उत्तर लगेच दिलं नाही, कारण तिथे काही लिहिलं की तू हात जोडलेलं चित्र पाठवून विषय संपवतेस. कागदावर तशी सोय नाही. त्या निर्मात्यांना दसऱ्यापर्यंत कळवायचंय ना? पत्राला दहा-बारा दिवस लागतात, म्हणून उद्या सकाळी टाकतेच.

तू काय लिहिलंस ते तुलाच परत ऐकवते, म्हणजे नंतर 'मी असं म्हटलंच नव्हतं' नको. 'इतकी वर्षं त्या घरात मोठी काकू झाले. शेवटी चारधामला पाठवून मारलं. मरायचा सीनसुद्धा दिला नाही, थेट फोटोला हार. आता नव्या मालिकेत घरमालकीण देताहेत, भागाला पाच वाक्यं. मी आता कुणाच्याही सेटवर चहाचा ट्रे उचलणार नाही. तुझ्याकडे येते. तीन महिन्यांचा व्हिसा काढते, पुढचं पुढे.'

याचं उत्तर देणार आहे. पण आधी आमच्या शेजारच्या बाईंबद्दल ऐक. कंटाळू नकोस, तुझ्याच धंद्यातल्या आहेत.

नोरीन गिलहूली. वय सत्याऐंशी, आमच्या भिंतीला भिंत लागून घर. कचऱ्याचा डबा बाहेर ठेवायलासुद्धा लिपस्टिक लावून येतात. मला आधी वाटलं, शाळेच्या मुख्याध्यापिका असणार, कारण पत्त्यांत उघडउघड लबाडी करतात आणि पकडलं तर आपल्यालाच रागावतात. मग एकदा त्यांच्याकडे कप शोधताना मी चुकीचं प्रेस उघडलं. इथे कपाटाला प्रेस म्हणतात. आत कप नव्हते, फोटो होते. प्रत्येक फोटोत एक कुणीतरी देखणा पुरुष, एक कुणीतरी देखणी बाई, आणि त्यांच्या मागे, जराशा बाजूला, हातात काहीतरी धरून आमच्या नोरीनबाई.

इथल्याच रॉसकॉमन भागातल्या एका खेड्यातून एकोणिसाव्या वर्षी अमेरिकेला गेल्या त्या एका घरची मुलं सांभाळायला. तिथून टेलिव्हिजनमध्ये कशा शिरल्या, त्याची हकीकत दर वेळी वेगळी सांगतात, म्हणून सोडून देते. 'गिलहूली' पडद्यावर मावणार नाही म्हणून त्यांची 'नोरा गिल' झाली. काम लहान, नावही लहान. पण ताई, ही बाई किती ठिकाणी होती! काळ्या-पांढऱ्या गुप्तहेर मालिकांमध्ये जिला प्रेत सापडतं ती घरमालकीण. घोड्यांच्या मालिकांमध्ये दारूच्या गुत्त्यात ग्लास पुसणारी. डॉक्टरांच्या मालिकेत 'डॉक्टर, लवकर या!' म्हणणारी नर्स. मग रंगीत टेलिव्हिजन आलं तर रंगीत नर्स. तिथल्या सगळ्या मोठ्या नटांचे त्यांनी कोट टांगलेत. नायिका नावाची गोष्ट त्यांच्यासमोर वर्षानुवर्षं येत होती आणि जात होती. नोरीनबाई तिथेच होत्या, दाराशी, ट्रे घेऊन.

मी यूट्यूबवर मिळेल ते शोधून पाहिलं. तू मला ओळखतेस. इथल्या मराठी मंडळाच्या अंकात वर्षातून एकदा सगळ्यांची टिंगल करायची आणि उरलेलं वर्ष हळदीकुंकवाला कुणी बोलावत नाही म्हणून घरी बसायचं, हा माझा साहित्यिक प्रवास. टर उडवण्याजोगं काही सापडेल म्हणूनच मी पाहायला बसले होते. नाही सापडलं. उलट शनिवार-रविवार जेवणं चुकली.

त्यांचं सगळ्यात गाजलेलं काम म्हणजे एका छोट्या गावातल्या खानावळीची विनोदी मालिका. नोरीनबाई तिथल्या वाढपीण, डॉट नावाच्या. खरं तर एकाच दिवसाचं काम होतं आणि वाक्य एक शब्दाचं: 'कॉफी?' टेबलाशी चौघं बसलेत. त्यांनी तिघांना कॉफी ओतली, नायकाच्या कपाशी आल्या, आणि तेवढ्यात कुणीतरी हाक मारल्यासारखं करून किटली घेऊन आत निघून गेल्या. हाक कुणीच मारली नव्हती. दिग्दर्शकाच्या लक्षात आलं नाही. नंतर फिल्मचे तुकडे जोडताना पाहतो तर नायक सगळा प्रसंगभर रिकाम्या कपाकडे बघतोय! पुढच्या आठवड्याच्या भागात त्यांना लिहावंच लागलं: नायक ओरडतो, 'माझी कॉफी?' ती कॉफी काही केल्या येईना. मालिका चालली तितकी वर्षं आली नाही. लोक म्हणे रस्त्यात नोरीनबाईंना रिकामे कप दाखवायचे.

'हे तुम्ही ठरवून केलं होतंत?' मी विचारलं.

'पेट,' त्या मला पेट म्हणतात, बाळ म्हणतात तसं, 'घरभाडं द्यायचं होतं. काम पुरं करणाऱ्या बाईला म्हणतात, थँक यू, निघा आता. जिचं काम राहिलंय तिला परत बोलवावंच लागतं.'

ही त्यांची सगळी विद्या. नर्स असल्या तर बँडेजची गाठ मारायची बाकी ठेवायच्या. गुत्त्यात असल्या तर एक ग्लास ओला ठेवायच्या. एकदाच त्यांना नायिका केलं होतं, एका मालिकेच्या पहिल्या भागात. तो भाग कुठल्याही वाहिनीने घेतला नाही. 'मी वाईट होते,' त्या म्हणतात, 'नायिका म्हटल्यावर मी सगळं पुरं करायला लागले.' आणि लगेच त्या खानावळीच्या मालिकेतल्या नायिकेबद्दल असं काही बोलतात, जे पत्रात लिहिता येणार नाही. त्या बाईला जाऊन खूप वर्षं झाली, पण नोरीनबाई अजून तिचं नाव घेत नाहीत. थोर आहेत, संत नाहीत.

आता मुद्द्यावर येते. संध्याकाळी ऑफिसातून आले की मी तुझी मालिका लावते. होय, मी. जिला मी 'स्वयंपाकघरातलं महायुद्ध' म्हणते तीच. नोरीनबाई चहाला येऊन बसतात. मराठीचा एक शब्द कळत नाही त्यांना, त्यामुळे कथा माझ्यापेक्षा चांगली समजते. पहिल्याच दिवशी सासू ओरडतेय, सून रडतेय, ढोल-ताशे वाजल्यासारखं संगीत, कॅमेरा तीनदा सुनेच्या नाकावर; आणि नोरीनबाई बोट कुठे दाखवतात? कोपऱ्यात.

'ती मटारवाली कोण?'

'माझी बहीण,' मी म्हणाले. इतक्या मोठ्याने म्हणाले की त्यांच्या हातातलं बिस्किट चहात पडलं.

'तिला काम येतं,' त्या म्हणाल्या. 'मटार संपत नाहीयेत, पाहिलंस?'

मी इतके दिवस समजत होते की तो सेटवरच्या लोकांचा गलथानपणा. सोमवारी सोलायला घेतलेले मटार गुरुवारी तेवढेच! मी त्यावर मंडळाच्या अंकात विनोदसुद्धा केला होता. ताई, खरं सांग, एक शेंग हातात धरून तू ती कधी उघडायचीस? सुनेचं रडणं संपल्यावर ना? नोरीनबाईंनी मला रिमोटने मागेपुढे करून दाखवलं. सून रडतेय तोवर तुझा अंगठा शेंगेवर नुसता टेकलेला. आणि तिचं वाक्य संपलं की टक्कन. 'ती पोरगी रडते हे आपल्याला त्या टक्क आवाजाने कळतं,' त्या म्हणाल्या. 'नाहीतर ती नुसती ओली होतेय.'

तेव्हापासून आमचा रोजचा शिरस्ता झालाय. त्या तुला 'आवर सरिता', म्हणजे 'आपली सरिता', म्हणतात.

गेल्या आठवड्यात, अनंत चतुर्दशीला, मी त्यांना मंडळाच्या गणपतीला प्रमुख पाहुण्या म्हणून नेलं. आमचे अध्यक्ष डॉक्टर गुरुनाथ, हाडांचे. दिवसभर लोकांचे गुडघे बदलतात; स्वतःचं मत कधी बदलत नाहीत. निमंत्रणपत्रिकेवरूनच अडले.

'नीलिमाताई, सहायक अभिनेत्री नको लिहायला. शाल-श्रीफळ आपण मुख्य माणसाला देतो.'

'मग काय लिहू?'

'हॉलिवूडच्या ज्येष्ठ नायिका. कोण तपासतंय?'

'अहो, त्या स्वतः समोर बसलेल्या असतील.'

'मग त्यांना वाईट थोडंच वाटणार आहे?'

वाटलं. गुरुनाथांनी खड्या आवाजात इंग्रजीत 'सुप्रसिद्ध नायिका' म्हटलं, टाळ्या झाल्या, शाल घातली, नारळ हातात दिला. नोरीनबाईंनी माइक ओढून घेतला. 'डॉक्टर चांगले आहेत, पण त्यांना कुणीतरी चुकीचं सांगितलं,' त्या म्हणाल्या. 'नायिका तोंड धुवायला गेलेली असायची तेव्हा तिचा प्रियकर पळून जाऊ नये म्हणून त्याच्याशी बोलत उभी राहायची ती मी.' आणि नारळासकट खाली बसल्या.

मग गुरुनाथांचं भाषण. विषय नेहमीचाच, परदेशात संस्कृतीचं जतन. आणि नोरीनबाईंच्या मांडीवर नारळ. नारळ हातात देतात तो पिशवीत टाकायचा असतो, हे त्यांना कुणी सांगितलं नव्हतं. त्यांनी आधी तो तोलून पाहिला. मग कानाशी हलवला. आत पाणी वाजल्यावर दचकल्या. शेंडी नीट केली, जशी शाळेत पाठवताना पोराची करतात. मग त्यांना शेंडीखाली ते तीन डोळे सापडले आणि त्या त्याच्याकडे बघून ओळखीचं हसल्या. सगळा हॉल, तान्ह्या पोरापासून भारतातून आलेल्या आजोबांपर्यंत, नारळाकडे बघतोय. मी मनात म्हटलं आता अध्यक्षांचा अपमान होणार आणि पुढची दहा वर्षं मला मोदकसुद्धा मिळणार नाही. तेवढ्यात नोरीनबाईंनी नारळाची शेंडी मागे सारली आणि त्याचं तोंड हळूच गुरुनाथांकडे वळवलं. ऐक, डॉक्टर बोलताहेत. आणि स्वतःही मान वळवून ऐकायला लागल्या. ताई, आख्ख्या हॉलने मान वळवली! मंडळाच्या इतिहासात पहिल्यांदा गुरुनाथांचं भाषण लोकांनी शेवटपर्यंत ऐकलं. त्यांना वाटलं आपण रंगलोय. त्यांनी भाषण वाढवलं.

नंतर बटाटेवडा खाताना मला म्हणाले, 'आजचा प्रेक्षक फार जाणकार होता हो.'

मी नोरीनबाईंना गाडीत म्हटलं, 'तुम्ही गुरुनाथांचं भाषण खाऊन टाकलंत असं वाटलं आणि मग परत ओकलंत.'

'खाणं सोपं असतं, पेट,' त्या म्हणाल्या. नारळ अजून मांडीवरच होता. त्याला सीटबेल्ट लावलेला होता.

(इथे थांबले होते. नोरीनबाईंकडे चहाला जाऊन आले. आता संध्याकाळ आहे, आणि उरलेलं लिहायचं टाळण्यासाठी मी ओटासुद्धा दोनदा पुसलाय.)

गुरुवारी तुझा शेवटचा भाग झाला. चारधामला निघालेल्या मोठ्या काकू. सून पाया पडते, सासू तोंड फिरवते, तू लाडवांचा डबा बांधतेस, पदर खोचतेस, दारातून जातेस. मी रडले. मी, जिने त्या मालिकेला सहा वेगवेगळी नावं ठेवलीत. नोरीनबाई रडल्या नाहीत. त्यांनी रिमोट मागितला.

'चष्मा,' त्या म्हणाल्या.

'कुठला चष्मा?'

त्यांनी मागे नेऊन दाखवलं. डबा बांधताना तू चष्मा काढलास, ओट्यावर, मिठाच्या बरणीपाशी ठेवलास. आणि तशीच गेलीस. सासू-सुनेचा सगळा पुढचा प्रसंग त्या ओट्यापाशी होतो आणि तो चष्मा तिथेच आहे. त्याच्याकडे कुणी बघत नाही. पण तो आहे. दुसऱ्या दिवशी तुझ्या फोटोला हार घातला तेव्हासुद्धा मागे, बरणीपाशी, होता.

'हे लिहिलेलं असेल?' मी विचारलं.

'लिहिणाऱ्यांच्या लक्षात असतं तर त्यांनी तिला चष्मा घेऊन पाठवलं असतं. ही बाई परत यायला निघालीय.'

ताई, मी त्या मालिकेबद्दल म्हणत नाही. मेलेल्या मोठ्या काकू परत आल्या तर त्या लेखकांना मी स्वतः इथून नारळ फेकून मारीन. मी तुझ्याबद्दल म्हणतेय. ज्या बाईला खरंच पुरे झालेलं असतं ती चष्मा घालून जाते. तुला काढून टाकताहेत हे तुला माहीत, तुला मरायचा सीन दिलेला नाही हे तुला माहीत, आणि तरी त्या शेवटच्या दिवशी, शेवटच्या शॉटमध्ये, तुझ्या हाताने ते केलं. आणि घरी जाऊन तू मला मेसेज केलास की मी संपले.

आता ते, जे टाळत होते.

वर 'आम्ही सगळे' असं लिहिलंय ते सवयीने. राजीव कॉर्कला आहे, फेब्रुवारीपासून. नोकरीसाठी गेला हे खरं. नोकरीसाठी राहिलाय हे खरं नाही. दुसरी कुणी नाही. असती तर मला निदान एक लेख लिहिता आला असता. इतकी वर्षं एका घरात राहून आमच्याकडे एकमेकांना सांगण्यासारखं काही उरलं नाही, आणि ते त्याच्या आधी लक्षात आलं. ईशानीला माहीत आहे. 'मम, आर यू ग्रँड?' असं दर रविवारी विचारते, आणि मी ग्रँड म्हणते. नोरीनबाईंना मी दर शुक्रवारी सांगत होते की येतोय, गाडी चुकली. एकदा त्या म्हणाल्या, 'कॉर्कहून येताना पोर्टारलिंग्टनला गाडी बदलावी लागते हे मला ठाऊक आहे, पेट. पण प्रत्येक आठवड्याला तिथेच चुकते?' मग मला त्यांना सांगावं लागलं. तुझ्याआधी त्यांना सांगितलं, याचा राग मान. पण तुला सांगितलं असतं तर तू पहिल्या विमानाने आली असतीस, आणि तेव्हा तुझं शूटिंग चालू होतं.

म्हणून गेल्या आठवड्यात 'तुझ्याकडे येते' वाचलं तेव्हा मी काय केलं ते सांगते. मागची खोली रिकामी केली. राजीवची व्यायामाची सायकल, जिने कधी कुणाला घाम आणला नव्हता, ती गराजमध्ये ढकलली. पडदे धुतले. जाड दुलई आणली, कारण तुला पंख्याखालीसुद्धा थंडी वाजते. तुझ्यासाठी आलं घातलेल्या चहाचं मोठं पातेलं काढून ठेवलं. घरात माणसाचा आवाज असेल, तू सकाळी उठून माझ्या गॅसला, माझ्या पोळ्यांना, माझ्या केसांना नावं ठेवशील, या कल्पनेने मी तीन दिवस ऑफिसात गुंजनलासुद्धा हसून नमस्कार केला.

मग गुरुवार आला, आणि तो चष्मा.

आत्ता आलीस तर माझे तीन महिने छान जातील. तुझे जाणार नाहीत. तू माझ्या सोफ्यावर बसशील, बाहेर पाऊस बघशील, 'बरं झालं सुटले' असं दिवसातून चारदा म्हणशील, आणि त्या घरमालकिणीचं काम तिकडे दुसरी कुणीतरी करत असेल, आणि ती सगळं पुरं करत असेल. ते मला बघवणार नाही. मी तुझी बहीण आहे ही गोष्ट बाजूला ठेव. मी तुझी प्रेक्षक म्हणून सांगतेय, आणि तू ओळखतेस की प्रेक्षक म्हणून मी किती वाईट स्वभावाची आहे.

आजच्या चहाला मी नोरीनबाईंना तुझ्या नव्या कामाचं सांगितलं. घरमालकीण म्हटल्यावर त्या खुर्चीत सरळ बसल्या. त्यांनी आयुष्यभर घरमालकिणी केल्यात. त्यांचा निरोप जसाच्या तसा लिहिते: 'तिला सांग, किल्ल्यांचा मोठा जुडगा मागून घे. पाच वाक्यं असोत नाहीतर एक. आणि योग्य किल्ली पहिल्या खेपेला कधीही सापडू देऊ नकोस. दार उघडेपर्यंत त्या सगळ्या सुंदर लोकांना तुझ्या मागे उभं राहावं लागेल.'

मग कप खाली ठेवून म्हणाल्या, 'आणि मला तारीख कळव. सत्याऐंशीव्या वर्षी मालिका सुरू करायची म्हणजे धाडसच आहे.'

तेव्हा तू त्या निर्मात्यांना हो म्हण. माझी काळजी करू नकोस असं लिहिणार नाही. कर, मला आवडेल. रविवारी फोन कर, आणि ग्रँड आहे म्हटलं तर माझ्यावर ओरड. आम्ही दोघी रोज संध्याकाळी चहा घेऊन पडद्यासमोर बसलेल्या असू, एक चेष्टा करणारी आणि एक रिमोट धरणारी. शूटिंगचं पहिलं वेळापत्रक संपून सुट्टी मिळाली की व्हिसा काढ.

मागची खोली तयार आहे. गादी, दुलई, पडदे सगळं झालंय. एका उशीला फक्त अभ्रा घातलेला नाही. सकाळपासून तीनदा घालायला घेतला आणि तिन्ही वेळा कुणीतरी हाक मारल्यासारखं करून बाहेर आले.

अभ्रा खांद्यावर टाकून दाराशी उभी असलेली,
तुझी
नीलू